बघे खूप झाले, बघणारे हवेत

डॉक्युमेंटरीला मराठीत दोन शब्द आहेत. जुना अनुबोधपट, नंतरचा माहितीपट. एकात बोध आहे, दुसऱ्यात माहिती. म्हणजे फिल्म सुरू व्हायच्या आधीच आपल्याला कळतं, की आता कुणीतरी काहीतरी शिकवणार. मग आपण काय करतो? गुपचूप मोबाइल काढतो. यात तुमचा दोष नाही. पडद्यामागचा आवाजच सगळं सांगून टाकणार असेल, तर डोळ्यांना काम काय उरलं?

पण या दोन्ही शब्दांत न मावणारी एक डॉक्युमेंटरी असते. तिच्यात निवेदक नसतो. 'या गावाची लोकसंख्या इतकी आणि मुख्य पीक अमुक' असं कुणी ऐकवत नाही. आता रडू यायला हवं, म्हणून मागे बासरी वाजत नाही. कॅमेरा एका जागी, एका माणसासोबत, एका कामापाशी थांबतो आणि बघतो. काही दिवस, काही महिने, कधी कधी काही वर्षं. या पद्धतीला 'ऑब्झर्वेशनल' म्हणतात. आपण साधं 'निरीक्षणाचा सिनेमा' म्हणू. माझं म्हणणं एवढंच आहे, की हातात कॅमेरा घेऊनच कॉलेजात आलेल्या तुमच्या पिढीने सगळ्यात आधी ही पद्धत शिकायला हवी. ट्रान्झिशन, ड्रोन शॉट, व्हॉइसओव्हर हे सगळं नंतर.

का, ते बघू. नौपाड्यातली दिवाळी पहाट घ्या. राम मारुती रोडवर त्या सकाळी निम्मं ठाणं उतरल्यासारखं वाटतं. नवे कुर्ते, साड्या, गजरे, कानठळ्या बसवणारं गाणं आणि जिकडे बघावं तिकडे वर धरलेले फोन. दुपारपर्यंत सगळ्यांच्या रील्स पडलेल्या असतात. त्या एकापाठोपाठ एक लावून बघा. तेच गाणं, तोच स्लो मोशन, तेच मान वळवून केलेलं स्माइल. आता मला सांगा, उजाडायच्या आत टोपली घेऊन येणाऱ्या गजरेवालीचा दिवस कुणी शूट केला? गर्दी पांगल्यावर रस्त्यावरच्या बाटल्या आणि कागद गोळा करणाऱ्या सफाई कामगारांसोबत कोण थांबलं? कॅमेऱ्यांची कमी नव्हती. थांबणाऱ्यांची होती.

मराठीत 'बघ्या' असा एक झकास शब्द आहे. अपघात झाला, की 'बघ्यांची गर्दी जमली' अशी बातमी येते. बघ्या येतो, डोकावतो, व्हिडिओ काढतो आणि निघून जातो. बघणारा थांबतो. दोघांच्या हातात फोन तोच असतो, फरक फक्त थांबण्याचा. हा लेख त्या फरकाबद्दल आहे.

सुरुवात झाली ती कुस्तीने

ही काही परदेशातून आलेली फॅशन नाही. ७ जुलै १८९६ला मुंबईत वॉटसन हॉटेलमध्ये ल्युमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांचा खेळ झाला आणि या नव्या प्रकाराने हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर या मुंबईतल्या फोटोग्राफरला वेड लावलं. लोक त्यांना सावेदादा म्हणत. त्यांनी थेट लंडनहून कॅमेरा मागवला आणि १८९९मध्ये हँगिंग गार्डनमध्ये दोन पैलवानांची कुस्ती चित्रित केली. १९०१मध्ये रँग्लर होऊन केंब्रिजहून परतलेल्या र. पु. परांजप्यांचं मुंबईत स्वागत झालं, तेही त्यांनी टिपलं. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला १९१३ला. म्हणजे गोष्ट सांगायच्या आधी आपल्या सिनेमाने समोर जे चाललंय ते नुसतं बघितलं होतं, आणि ते बघणारा माणूस मराठी होता.

मग मध्ये हा बोध आणि माहितीचा मामला कुठून आला? स्वातंत्र्यानंतर १९४८मध्ये सरकारने फिल्म्स डिव्हिजन सुरू केली. थिएटरमध्ये मुख्य चित्रपटाआधी तिची फिल्म दाखवणं सक्तीचं होतं. आजी-आजोबांना विचारा, धरणं, खतं आणि कुटुंबनियोजनाबद्दल बोलणारा तो भारदस्त आवाज त्यांना अजून आठवत असेल. अर्थात त्यातलं सगळंच तसं नव्हतं. एस. एन. एस. शास्त्री यांनी १९६७मध्ये 'आय ॲम ट्वेंटी' केली. १५ ऑगस्ट १९४७ला जन्मलेली, म्हणजे देशाच्याच वयाची मुलंमुली त्यांनी शोधली आणि त्यांना बोलू दिलं. सरकारी पैशातून बनलेल्या त्या फिल्ममधली काही मुलं देशाबद्दल चक्क कंटाळून, वैतागून बोलतात. यूट्यूबवर आहे, जरूर बघा. वीस मिनिटंसुद्धा लागणार नाहीत.

त्या भारदस्त आवाजाला एक तांत्रिक कारणही होतं. तेव्हाचे कॅमेरे अवजड होते, त्यांचा खडखडाट व्हायचा आणि जागेवर माणसांचं बोलणं चित्राबरोबर रेकॉर्ड करणं महाकठीण होतं. त्यामुळे चित्र आधी घ्यायचं आणि आवाज नंतर स्टुडिओत चढवायचा, हीच सोय होती. १९६०च्या आसपास खांद्यावर घेऊन फिरता येईल असा कॅमेरा आणि त्याच्याशी जुळवून चालणारा टेपरेकॉर्डर हाताशी आला आणि चित्र पालटलं. अमेरिकेत त्याच वर्षी 'प्रायमरी' नावाची फिल्म बनली. जॉन केनेडी गर्दीतून वाट काढत मंचाकडे चाललेत आणि कॅमेरा त्यांच्या मागोमाग, त्या धक्काबुक्कीतून जातोय. आज असा शॉट कुठल्याही नगरसेवकाच्या रीलमध्ये दिसतो. तेव्हा लोकांनी असं काही पाहिलंच नव्हतं.

पुढे फ्रेडरिक वाइजमन या दिग्दर्शकाने तर नियमच करून टाकला. निवेदन नाही, मुलाखत नाही, वरून लावलेलं संगीत नाही. त्याची १९६८ची 'हायस्कूल' फिलाडेल्फियातल्या एका शाळेत घडते. एक मुलगा म्हणतोय, माझी चूक नसताना मला शिक्षा का? आणि समोरचे सर त्याला पटवतायत, की चूक असो-नसो, शिक्षा घेण्यातच मोठेपणा आहे. बस, एवढंच. 'इथे शिस्तीच्या नावाखाली मुलांना मान तुकवायला शिकवतात' असं कुणी सांगत नाही. गरजही पडत नाही. ठाण्याच्या कुठल्याही शाळेत शिकलेल्याला तो सीन भाषांतराशिवाय कळेल.

तर सावेदादांना ज्यासाठी लंडनला पैसे पाठवावे लागले आणि वाइजमनला ज्यासाठी अख्खी साधनसामग्री उचलून न्यावी लागली, ते सगळं तुमच्या खिशात आहे. आवाजासकट. कमी पडतोय तो वेळ.

जत्रेतला तंबू आणि आठ वर्षं

वेळ म्हणजे किती? एक जवळचं उदाहरण देते. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया या दोघांनी आपल्या महाराष्ट्रातल्या टुरिंग टॉकीजवर 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स' ही फिल्म केली. सुगी संपली की गावोगावच्या जत्रा सुरू होतात आणि ट्रकवर प्रोजेक्टर लादून तंबूचे सिनेमे तिथे पोहोचतात. ही परंपरा अनेक दशकांची. या दोघांनी २००८च्या सुमारास तिचा माग काढायला सुरुवात केली. आधी अभ्यास आणि फोटो. तंबूत बसलेल्या प्रेक्षकांच्या चेहऱ्यांच्या मधेशियाच्या फोटोंना २०११मध्ये वर्ल्ड प्रेस फोटोचा पुरस्कारही मिळाला. तिथे थांबले असते तरी चाललं असतं. पण ते जत्रेला जात राहिले. फिल्म पूर्ण झाली २०१६ला, कान महोत्सवात दाखवली गेली आणि तिथे परीक्षकांनी तिची खास दखल घेतली.

आठ वर्षांनी त्यांना काय दिलं? त्यांनी सुरुवात केली तेव्हा रीळ होतं. शूटिंग चालू असताना रीळ संपत गेलं आणि डिजिटल आलं. फिल्ममध्ये तंबूवाले दोन मालक आहेत आणि प्रोजेक्टर दुरुस्त करण्यात हयात घालवलेला एक मेकॅनिक आहे. तो स्वतः बनवलेलं यंत्र दाखवतो, तेव्हा त्याच्या डोळ्यांत जी चमक येते, ती 'सर, तुम्हाला काय वाटतं?' असं विचारून मिळत नाही. त्या माणसाला तुमची सवय व्हावी लागते. कॅमेरा त्याच्या दुकानातल्या पान्या-स्क्रू-ड्रायव्हरसारखा एक सामान व्हावा लागतो.

समजा, हीच फिल्म दोन दिवसांत शूट केली असती. मग काय मिळालं असतं? 'लुप्त होत चाललेली कला' या मथळ्याचा तीन मिनिटांचा व्हिडिओ. उदास संगीत, गंजलेल्या यंत्राचा क्लोजअप आणि शेवटी 'ही कला जपूया' असं आवाहन. मालकाची देणी, डिजिटल घ्यायचं की धंदा सोडायचा हा घोळ आणि नव्या यंत्राबद्दलचं कुतूहल त्यात आलंच नसतं. दोन दिवसांत आपल्याला तेवढंच दिसतं, जे आपण घरून ठरवून निघालेलो असतो.

पण हा पळपुटेपणा नाही का?

इथे तुमच्यातलं कुणीतरी हात वर करणारच. आजूबाजूला एवढा अन्याय चाललेला असताना नुसतं बघायचं? ही तर बघ्याचीच भूमिका झाली! प्रश्न रास्त आहे. आणि तो विचारायचा, तर आनंद पटवर्धनांना आठवूनच विचारायला हवा. त्यांच्या फिल्म्स शुद्ध निरीक्षणाच्या नाहीत. ते प्रश्न विचारतात, अडवून विचारतात, बाजू घेतात आणि ती लपवत नाहीत. मग त्यांचा इथे काय संबंध?

'जय भीम कॉम्रेड' बघा. ११ जुलै १९९७ला घाटकोपरच्या रमाबाई नगरमध्ये आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर लोक रस्त्यावर आले. पोलिसांनी गोळीबार केला आणि दहा जण मारले गेले. पुढच्या काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धन त्यांना आधीपासून ओळखत होते. १९८५च्या 'हमारा शहर'मध्ये घोगरे गाताना दिसतात. या धक्क्यातून पटवर्धनांनी जी फिल्म सुरू केली, ती पूर्ण व्हायला १४ वर्षं लागली. खटला रखडत होता, पक्ष बाजू बदलत होते, नवे शाहीर गायला उभे राहत होते, आणि ते सगळीकडे जात राहिले. बाजू पहिल्या दिवसापासून ठरलेली असूनही हा माणूस १४ वर्षं थांबला. कारण 'अन्याय झाला' हे एका वाक्यात सांगता येतं. अन्यायानंतर न्यायासाठी लोकांना किती काळ ताटकळावं लागतं, हे दाखवायचं तर तेवढा काळ स्वतःलाही तिथे असावं लागतं.

म्हणून मला निवेदन आहे की नाही, हा वाद दुय्यम वाटतो. शुद्ध निरीक्षणवालेही काही अलिप्त नसतात. कॅमेरा कुठे ठेवायचा, कधी सुरू करायचा, शंभर तासांतले कुठले दोन तास ठेवायचे, यातल्या प्रत्येक निर्णयात मत असतंच. वाइजमननेही आपण तटस्थ आहोत असा आव कधी आणला नाही. निरीक्षणाचा सिनेमा मत द्यायला मनाई करत नाही. तो म्हणतो, मत बनवायच्या आधी तिथे राहा.

कॅमेरा कुणाच्या हातात?

आता थोडं अवघड. थांबलो, सवय झाली, समोरचा माणूस आपल्याला विसरला. हेच तर हवं होतं. पण नेमकी हीच धोक्याची जागा आहे. कॅमेऱ्याला विसरलेला माणूस सगळ्यात असुरक्षित असतो.

वाइजमनचीच १९६७ची पहिली फिल्म, 'टिटिकट फॉलिज'. मॅसॅच्युसेट्समधल्या मनोरुग्ण कैद्यांच्या संस्थेत त्याने कॅमेरा नेला आणि तिथली भयाण वागणूक दाखवली. सरकार कोर्टात गेलं. कैद्यांच्या खाजगीपणाचा मुद्दा पुढे आला आणि सर्वसामान्य प्रेक्षकांना ती फिल्म दाखवायला बंदी झाली. ती उठली १९९१ला. सरकारला कैद्यांच्या अब्रूची काळजी होती की स्वतःच्या, हा प्रश्न विचारायलाच हवा. पण त्या नग्न, गोंधळलेल्या माणसांना आपण पडद्यावर दिसणार याचा अर्थ तरी कळला होता का, हाही विचारायला हवा. दोन्ही प्रश्न खरे आहेत. एकाने दुसरा खोडला जात नाही.

घराच्या जवळचं उदाहरण हवं असेल तर निष्ठा जैन यांची २००७ची 'लक्ष्मी अँड मी' शोधून बघा. मुंबईतल्या या दिग्दर्शिकेने आपल्याच घरी काम करणाऱ्या मुलीवर फिल्म केली. पगार देणारी बाई आणि कॅमेरा धरणारी बाई एकच! ही मुलगी 'नको' म्हणू शकेल का? जैन हा पेच झाकत नाहीत, स्वतःलाही फ्रेममध्ये आणतात. कॉलेजच्या प्रोजेक्टसाठी तुम्ही सोसायटीच्या वॉचमनकाकांकडे, कॅन्टीनमधल्या मुलाकडे किंवा घरी भांडी घासणाऱ्या मावशींकडे कॅमेरा वळवता, तेव्हा हाच पेच तुमच्यासमोर असतो. त्यांचं 'हो' हे खरंच 'हो' आहे, की ताई-दादांना नाही कसं म्हणायचं म्हणून आलेलं?

यावर एक साधा उपाय मला पटतो. ज्याच्यावर फिल्म केली, त्याला ती सगळ्यात आधी दाखवायची. इन्स्टावर टाकायच्या आधी, सरांना दाखवायच्याही आधी. त्याच्या शेजारी बसून. एखादा शॉट आला आणि त्याने मान खाली घातली, तर तो शॉट कितीही भारी असू दे, काढायचा. मार्क गेले तरी चालतील.

नौपाड्यात काय बघायचं?

हे सगळं वाचून 'आम्ही कुठे जत्रेत जाणार?' असं वाटत असेल, तर जाऊ नका. गोखले रोड सोडून कुठल्याही आतल्या गल्लीत वळा. एक जुनी इमारत असेल. दोन-तीन मजले, कुणाच्या तरी आईच्या नाहीतर देवाच्या नावाचं सदन, खाली वाण्याचं किंवा शिंप्याचं दुकान, वर सामाईक गॅलरी. शेजारच्या प्लॉटवर पत्रे लागलेले असतील आणि आत पोकलेन चालू असेल. एकेक करून नौपाडा बदलतोय, हे तुम्हाला रोज क्लासला जाता-येता दिसतंच.

यावर रील करायला एक तास पुरेल. गॅलरीतली आरामखुर्ची, संध्याकाळचं ऊन, 'ते दिवस परत येणार नाहीत'. लाइक्सही मिळतील. पण त्या इमारतीत सहा महिने जाऊन बघा. तुम्हाला वेगळंच काहीतरी दिसेल. ज्या आजींची आरामखुर्ची तुम्ही शूट केलीत, त्यांनाच रीडेव्हलपमेंट सगळ्यात जास्त हवं असेल, कारण गुडघे गेलेत, लिफ्ट नाही आणि दोन वर्षांत त्या देवळापर्यंतही गेलेल्या नाहीत. त्यांच्या मुलाला कार्पेट एरियाची चिंता असेल. खालच्या शिंप्याला नव्या इमारतीत जागा मिळणार की नाही, हे कुणीच नीट सांगत नसेल. सोसायटीच्या सभेत भाडं, कॉर्पस आणि पार्किंगवरून तीस वर्षांचे शेजारी एकमेकांवर आवाज चढवतील आणि सभा संपल्यावर एकाच किटलीतला चहा पितील. आठवणींच्या रीलमध्ये यातलं काहीच मावत नाही. तो हळवेपणा खोटा असतो असं नाही, पण तो अर्धा असतो. आणि इमारत पाडून झाल्यावर उरलेलं अर्धं कुणालाच शूट करता येत नाही.

करायचं कसं? पहिला महिना फोन खिशातच ठेवा. नुसते जा, बसा, चहा प्या, लोकांना तुमचं नाव कळू दे. नंतर शूट करताना शॉट निदान दोन मिनिटं धरा. विसाव्या सेकंदाला बोट 'स्टॉप'कडे जाईल, जाऊ देऊ नका. आपल्या कामाचं बहुतेक वेळा त्यानंतरच घडतं. आवाजाकडे चित्राइतकंच लक्ष द्या. साधा कॉलर माइक घेतलात तरी फार फरक पडतो. दर रात्री त्या दिवसाचं फुटेज बघा आणि वहीत दोन ओळी लिहा: आज असं काय दिसलं, जे मला आधी माहीत नव्हतं? सलग दोन आठवडे वही कोरी राहिली, तर समजा, तुम्ही घरून ठरवलेलंच शूट करताय. आणि एडिटला बसाल तेव्हा गाणं लावायचा मोह झाला, की आधी त्या इमारतीचा आवाज ऐका. कुकरच्या शिट्ट्या, जिन्यावरच्या चपला, शेजारचं पोकलेन. हे आवाज लवकरच बंद होणार आहेत.

फिल्म किती मिनिटांची होईल, कुठे दाखवली जाईल, हे मी सांगू शकत नाही. कदाचित कान सोडाच, कॉलेजच्या फेस्टिव्हललाही निवडली जाणार नाही. पण इमारतीतले लोक घरं रिकामी करून घोडबंदरला, डोंबिवलीला भाड्याने पांगायच्या आधी एका रात्री आवारात चादर बांधा, कुणाकडून तरी प्रोजेक्टर आणा आणि त्यांची फिल्म त्यांना दाखवा. त्या वेळी पडद्याकडे पाठ करून बसा. त्यांचे चेहरे बघा. आणि हो, तेव्हा मात्र शूट करू नका.